हिरवं सॅलड, द्राक्षं, चीज आणि अक्रोड: नाशिकच्या पंगतीत चालेल का?

गोदाकाठची
मंडळी, फेब्रुवारीत भाचीचं केळवण आमच्याकडे आहे, गंगापूर रोडला. पंचवीसेक माणसं. मसालेभात, मठ्ठा, अळूची भाजी, जिलबी हे ठरलेलं. भाचीबाई नोकरीला बंगळुरात, तिची एकच फर्माईश: "मावशी, ते हिरवं सॅलड कर ना, फळं, चीज आणि अक्रोड घातलेलं." फेब्रुवारी म्हणजे द्राक्षं दारात, तेव्हा फळाची चिंता नाही. बाकीची आहे.

पानं कुठली घेऊ? चीज कुठलं? सासूबाई पाकिटावरचा हिरवा ठिपका चष्मा लावून बघतात. आणि सकाळी करून ठेवलं तर दीडच्या पंगतीपर्यंत टिकेल कसं? लग्नांमधून असली सॅलडं पाहिलीत, वर गाजराचं फूल आणि तळाशी वाटीभर पाणी. मला हे ताटात वाढायचंय, टेबलाच्या कोपऱ्यात शोभेला ठेवायचं नाही. सासूबाईंचं म्हणणं, कच्चा पाला गोठ्यात घालतात. त्यांनाही दोन घास खायला लावायचेत.

पंचवटीकर_काका
सासूबाईंना अनुमोदन. जिलबी किती किलो सांगितलीय?

अर्धा_कप
पाण्याचं आधी सांगते, कारण बहुतेक सॅलडं तिथेच बिघडतात. पानं धुतली आणि ओलीच भांड्यात टाकली, हे पहिलं कारण. मीठ फार आधी घातलं, हे दुसरं. मीठ लागलं की पानातलं पाणी बाहेर ओढलं जाणारच, त्यावर उपाय नाही. मीठ उशिरा घालणं एवढंच आपल्या हातात. काकडी आणि टोमॅटो या सॅलडमध्ये नकोतच. द्राक्षाचा रस पुरे होतो.

पानं धुऊन बर्फाच्या पाण्यात दहा-पंधरा मिनिटं ठेवा, कुरकुरीत होतात. निथळली की सुती पंच्यात गाठोडं बांधा, बाल्कनीत उभ्या राहा आणि हात गरगरा फिरवा. (खालच्या मजल्यावर आधी कल्पना द्यावी.) मग कोरड्या फडक्यात सैल गुंडाळून झाकणाच्या डब्यात, फ्रीजमध्ये. हे सगळं आदल्या रात्री करून ठेवता येतं. पंगत बसली की मगच कालवायचं.

मेतकूट
मी ऐकलंय की पानांना आधीच थोडं तेल चोळून ठेवावं, म्हणजे नंतर लिंबू आणि मीठ लागत नाही आणि पानं ताजी राहतात.

अर्धा_कप
@मेतकूट, उलटं आहे. पानावर मेणासारखा पातळ थर असतो. तो पाण्याला थोपवतो, तेलाला नाही. तेल आत शिरतं आणि पान मलूल पडतं. नुसतं तेल लावलेलं एक पान आणि नुसतं व्हिनेगर लावलेलं एक पान शेजारी ठेवून बघा, तेलाचं आधी मान टाकेल. म्हणून ड्रेसिंग बरणीत वेगळंच ठेवायचं.

खानदेशी_ठेचा
एक विचारू? राग मानू नका ताई. दोनशे रुपयांचं बेचव लेट्यूस आणून त्याला चव यावी म्हणून हजार रुपयांचं चीज घालायचं, हा कुठला न्याय? आमच्याकडे थंडीत मेथीचा घोळाणा होतो. कोवळी मेथी बारीक चिरायची, पातीचा कांदा, हिरवी मिरची, शेंगदाण्याचं जाडसर कूट, मीठ आणि वरून कच्चं तेल. हातानं कालवलं की झालं. कळण्याच्या भाकरीबरोबर खा. हिरवा पाला आहे, दाणे आहेत, तेल आहे. तुमच्या सॅलडात यापेक्षा वेगळं काय असतं? फळ आणि चीज तेवढं राहिलं, तर घाला बापडे.

गोदाकाठची
@खानदेशी_ठेचा, राग कसला! उलट हे डोक्यातच आलं नव्हतं. पण मेथीत द्राक्षं? कडू-गोड जमेल?

तिरफळ
जमेल की. तिकडे परदेशात असल्या सॅलडात अरुगुला घालतात तो त्याच्या तिखट, किंचित कडवट चवीसाठीच. गोड फळ, खारट चीज, कडवट पान आणि तेलकट दाणा, अशी चारी बाजूंची चव त्यात लागते. आइसबर्ग लेट्यूस घेतलंत तर कडवटपणाची बाजू रिकामी राहते. मग वरून मध ओता नाहीतर आणखी काही, फुळकावणीच लागणार. मी कोवळी मेथी, मुळ्याची कोवळी पानं आणि थोडं लेट्यूस असं मिसळून करते. लेट्यूस नुसतं पोट भरायला.

मेथी मात्र बोटभर उंचीची, समुद्रमेथी म्हणून वाळूतली मिळते ना, तशी. मोठ्या जुडीचे दांडे घातलेत तर भाची पुन्हा बंगळुरातून यायची नाही.

सातपूरचा_फिटर
समुद्रमेथी नाशकात? आमच्या इथे तर जुडी म्हणजे केरसुणी असते.

गोदाकाठची
बुधवारी गंगेवरच्या, म्हणजे गोदाकाठच्या, बाजारात सकाळी लवकर गेलं तर कोवळी मिळते. दहानंतर गेलात तर मग केरसुणीच.

निफाडचा_द्राक्षवाला
द्राक्षांचा विषय निघाला म्हणून लिहितो, एरवी मी इथे फक्त वाचतो.

फेब्रुवारीत थॉमसन, सोनाका, माणिक चमन, शरद, सगळं बाजारात असतं. सॅलडसाठी सोनाका लांबट असल्यानं उभी चिरायला बरी. शरद सीडलेस काळी, रंगाला छान. पण नुसता रंग बघून घेऊ नका, एक मणी तोंडात टाकून बघा. द्राक्ष तोडल्यावर पिकत नाही. आंबा-केळ्याचं तसं नाही, ती घरी ठेवून पिकतात. द्राक्ष वेलीवर असताना जेवढं गोड झालं तेवढंच. आंबट आणलं तर आंबटच राहणार. घडाच्या शेंड्याचा मणी चाखा, गोडी तिथे शेवटी उतरते. तो गोड तर सगळा घड गोड.

काडी हिरवी हवी. वाळून तपकिरी झाली असेल तर माल शिळा. आणि मण्यावरची पांढरट लव बघून औषध-औषध म्हणून ओरडू नका. ते द्राक्षाचं स्वतःचं मेण असतं, ताज्या मालाची खूण आहे ती. हाताळून हाताळून ते जातं. औषधाचे डाग वेगळे, थेंब सुकल्यासारखे दिसतात.

स्टेथो
@निफाडचा_द्राक्षवाला, उत्तम माहिती. मग फवारणीचं काय? पेशंट हमखास विचारतात.

निफाडचा_द्राक्षवाला
फवारणी होते, लपवण्यासारखं काही नाही. ऑक्टोबर छाटणीनंतर डाऊनी (बुरशीचा रोग) आला की बाग हातची जाते, त्यामुळे फवारावंच लागतं. प्रत्येक औषधाला काढणीआधी किती दिवस थांबायचं ते ठरलेलं असतं. युरोपला जाणाऱ्या मालाची प्रयोगशाळेत तपासणी होते, अपेडाच्या (शेतमाल निर्यातीची सरकारी संस्था) ग्रेपनेट या ऑनलाइन नोंदवहीत प्लॉटची नोंद असते. २०१० साली क्लोरमेक्वाट या वेलीची वाढ रोखणाऱ्या औषधाच्या अंशावरून तिकडे माल अडकला होता, तेव्हा आख्ख्या तालुक्याला घाम फुटला होता. तेव्हापासून लोक जास्त सावध झाले. गावातल्या बाजारात येणाऱ्या मालाची एवढी तपासणी नसते, हेही खरं. वाहत्या पाण्याखाली चोळून धुवा. नुसतं बुडवून काढू नका.

तिरफळ
विषय निघालाच आहे तर, व्हिनेगर-लिंबाऐवजी कच्च्या द्राक्षाचा रस वापरतात काही देशांत. हिरवी आंबट द्राक्षं चेचून, गाळून. लिंबापेक्षा मवाळ आंबट असतो. तुमच्याकडे विरळणीत ढीगभर कच्चे मणी खाली पडतात ना? फुकटचं ड्रेसिंग!

निफाडचा_द्राक्षवाला
नका नका. विरळणी होते तेव्हा मणी ज्वारीच्या दाण्यापेक्षा जरासा मोठा असतो, त्यात रस कुठला. आणि त्याच सुमारास जीएची डिपिंग (मणी फुगवायच्या संजीवकात घड बुडवणं) आणि बुरशीनाशकं चालू असतात. काढणीआधीचे थांबायचे दिवस वगैरे हिशोब पिकलेल्या मालासाठी. विरळणीतले मणी कुणी खाईल असं धरून कुणी फवारत नाही. करायचंच असेल तर घराच्या मांडवावरचा वेल असेल त्याचे आंबट मणी घ्या, ज्याला तुम्ही स्वतः काही मारलेलं नाही.

तिरफळ
पटलं. लिंबूच बरं.

पंचवटीकर_काका
नाशकात कच्च्या द्राक्षाचं ड्रेसिंग करायला निघालेत लोक. पिकलेल्या द्राक्षाचं तिकडे गंगापूर धरणाजवळ काय करतात ते विसरलात काय? (हलके घ्या.)

सातपूरचा_फिटर
काका, केळवण आहे, बॅचलर पार्टी नाही.

चकलीताई
चीजवर कुणीच बोलेना म्हणून मी. सासूबाईंसाठी पार्मेसान नको. इटलीतलं अस्सल पार्मिजानो वासराच्या जठरातल्या रेनेटनं (दूध साकळवणारं विकर) विरजतात, ते त्यांच्या नियमातच आहे. आपल्याकडे बनणारं बरंचसं चीज सूक्ष्मजीवांपासून मिळवलेल्या रेनेटचं असतं, त्यावर हिरवा ठिपका असतो. ठिपका बघून घ्या, प्रश्न मिटला.

फेटा अशा सॅलडला फार छान. ग्रीसचं खरं फेटा मेंढीच्या दुधाचं, त्यात थोडं शेळीचं चालतं. २००२ पासून युरोपात ते नाव ग्रीसपुरतंच राखून ठेवलंय. आपल्याकडे फेटा म्हणून मिळतं ते बहुतेक गाईच्या दुधाचं, तेही वाईट नसतं. पण पंचवीस माणसांना फेटा म्हणजे खिशाला भोक. मी काय करते, पनीरचे छोटे तुकडे ताकाच्या आंबट निवळीत घालते. निवळी चांगली खारट करायची, तोंड वाकडं होईल इतकी. फ्रीजमध्ये एक रात्र. सकाळी पनीर खारट-आंबट होऊन भुसभुशीत लागतं. फेटा म्हणून खपवू नये, पण सॅलडात काम चोख करतं.

अर्धा_कप
चकलीताई +१. फक्त मग ड्रेसिंगमध्ये मीठ जवळजवळ घालूच नये.

दुसरा पर्याय चक्का. श्रीखंडासाठी बांधतो तसा, पण जास्त वेळ. घट्ट झाला की मीठ-मिरपूड घालून सुपारीएवढ्या गोळ्या करायच्या आणि तेलात ठेवायच्या. द्राक्षाबरोबर चक्का पनीरपेक्षा सरस लागतो, हे माझं ठाम मत आहे.

मेतकूट
अहो पण फळं आणि दुधाचे पदार्थ एकत्र म्हणजे विरुद्ध आहार ना? आमच्या आजी शिकरणसुद्धा करू द्यायच्या नाहीत.

स्टेथो
मी ॲलोपॅथीवाला, त्यामुळे जपून लिहितो. चरकसंहितेत आंबट फळं दुधाबरोबर नकोत असं आहे खरं. पण पनीर-चक्का म्हणजे दूध नव्हे, त्यावर वैद्यांमध्येच चर्चा होईल, ती त्यांनी करावी. मला पंगतीतल्या दुसऱ्या गोष्टींची काळजी आहे.

कच्चा पाला शेतातून थेट येतो. कुठल्या पाण्यावर वाढला ते आपल्याला माहीत नसतं. टायफॉइड, अमीबा, जंतांची अंडी, सगळं पानांच्या बेचक्यात बसू शकतं. म्हणून जुडी सोडून एकेक पान वाहत्या पाण्याखाली, बुडाकडची माती जाईपर्यंत. मीठ-व्हिनेगरच्या पाण्यात बुडवल्यानं फरक पडतो, पण पान निर्जंतुक होत नाही. घरात गरोदर मुलगी असेल तर तिला शिजवलेली भाजी वाढा, आणि पाश्चराइझ न केलेल्या दुधाचं मऊ चीजही नको. आणखी एक, पंगतीत कुणी वॉरफरिन (रक्त पातळ ठेवायचं औषध) घेत असेल तर त्यांनी एरवी पालेभाजी न खाता आज अचानक वाडगाभर खाऊ नये. पालेभाजीतल्या व्हिटॅमिन के मुळे औषधाचा असर बदलतो. रोज सारख्या प्रमाणात खाणाऱ्यांना तेवढी अडचण नाही.

पंचवटीकर_काका
डॉक्टर, तुमचा प्रतिसाद वाचून जिलबीच सुरक्षित वाटू लागली.

स्टेथो
काका, तुमची शुगर मला माहीत नाही तोवर गप्प राहतो.

खानदेशी_ठेचा
हरभऱ्याची कोवळी पानं कुणी सुचवली नाहीत अजून! जानेवारीत शेंडे खुडतात ते. पानांवरच आंब असते, जिभेला झिणझिण्या येतात. घोळाण्यात लिंबू लागत नाही. शेतात उभ्यानं खायची ती.

निफाडचा_द्राक्षवाला
आंब धुतली की बरीचशी जाते, आणि न धुता खाऊ नका असं डॉक्टर आत्ताच म्हणाले. शिवाय फेब्रुवारीत घाटे धरलेले असतात, पानं जून. बागायतीत उशिरा पेरलेला कुठे मिळाला तर बघा.

सुरगाण्याची_वाट
फळ म्हणजे फक्त द्राक्षच का? वणीवरून सापुताऱ्याकडे जाताना रस्त्याच्या कडेला स्ट्रॉबेरी विकायला बसलेले असतात, सुरगाण्याकडची. फेब्रुवारीत भरपूर. मिरपूड टाकून मेथीबरोबर काय लागते! सटाण्याचं भगवा डाळिंबही आहे, दाणे तर पाणीही सोडत नाहीत.

अर्धा_कप
डाळिंबाला माझं मत. स्ट्रॉबेरी चिरली की अर्ध्या तासात ओघळते, ती घालायचीच तर ताटात वाढताना वरून. द्राक्षंसुद्धा छोटी असतील तर अख्खीच ठेवा, मोठी तेवढी चिरा.

मेतकूट
अक्रोड मला नेहमी कडू लागतात. भाजू का?

तिरफळ
कडूपणा सालीत असतो. कढत पाण्यात मिनिटभर टाकून निथळा, मग मंद आचेवर कढईत कोरडे होऊन खमंग वास येईपर्यंत हलवत राहा. गार झाल्यावर हातानं मोडा, सुरीनं भुगा होतो. त्याआधी एक चाखून बघा, जुना तेलकट वास आला तर फेकून द्या. अक्रोड बाहेर ठेवले की लवकर खवट होतात, फ्रीजमध्ये ठेवावेत.

आणि सॅलडात ते सर्वात शेवटी घालायचे, नाहीतर मऊ पडतात. कोकणवाली म्हणून सांगते, भाजलेल्या काजूनंही छान होतं.

सातपूरचा_फिटर
आमच्या मेसमध्ये यावर कोंडाजीचा चिवडा टाकतील आणि क्रंच म्हणतील.

चकलीताई
@सातपूरचा_फिटर, हसू नका, कुरकुरीतपणाचं काम होतंच की त्यानं.

पुण्याची_पाहुणी
आमच्याकडे पुण्यात असल्या सॅलडात अंजीर घालतात, पुरंदरचं. नाशिककरांना अंजीर मिळतं का?

पंचवटीकर_काका
मिळतं हो. वर "आमच्याकडे पुण्यात" हे मात्र फुकट मिळतं.

अर्धा_कप
धागा भरकटायच्या आत ड्रेसिंग लिहून टाकते. तीन भाग तेल, एक भाग लिंबाचा रस, हे सुरुवातीचं माप. आपल्या लिंबांना आंबटपणा जास्त, त्यामुळे तेल थोडं वाढवावं लागेल. चमचाभर मोहरीची चटणी किंवा फेसलेली मोहरी घालून बरणी हलवली की तेल आणि रस काही वेळ एकजीव राहतात. थोडा मध, मिरपूड. तेल ऑलिव्हचंच पाहिजे असं नाही. मेथी असेल तर घाण्याचं शेंगदाणा तेल मला जास्त आवडतं.

पंचवीस माणसांना बाकी जेवण भरपूर असताना: निवडून धुतलेली पानं सव्वा किलो, द्राक्षं पाऊण किलो, पनीर किंवा चक्का अर्धा किलो, अक्रोड पाव किलो, दोन डाळिंबं. ड्रेसिंग दोन वाट्या करा आणि दीड वाटीच घाला.

खानदेशी_ठेचा
सव्वा किलो कोवळी मेथी निवडायला बसणार कोण?

गोदाकाठची
सासूबाई. त्यांना सांगितलं की मेथीच आहे, पाला नव्हे. चष्मा लावून निवडायला तयार झाल्यात.

तर ठरलं ते असं: निम्मी कोवळी मेथी, निम्मं लेट्यूस. सोनाका आणि थोडी शरद. चकलीताईंचं निवळीतलं पनीर. चक्का मठ्ठ्याच्या जोडीला फार होईल. अक्रोड भाजून वेगळ्या डब्यात. पानं आदल्या रात्री पंच्यात. कालवायचं पहिली पंगत बसल्यावर, आणि दुसऱ्या पंगतीचं वेगळं, पुन्हा. खानदेशी दादा, तुमचा घोळाणाही एका पातेल्यात करते, ज्यांना फळं-चीज नको त्यांच्यासाठी.

निफाडचा_द्राक्षवाला
काळी द्राक्षं चिरून पनीरबरोबर कालवू नका, पनीर जांभळट होतं. शरद अख्खी ठेवा, सोनाका चिरा.

वाचनमात्र_१
वाखूसा (वाचनखूण साठवली). एक शंका, घोळाण्यात शेंगदाण्याचं कूट आणि सॅलडात अक्रोड, पाहुण्यांत कुणाला ॲलर्जी आहे का विचारलंय ना? आमच्या पुतण्याला शेंगदाण्यानं ओठ सुजतात. आणि शेंगदाणा तेल घाण्याचं असेल तर तेही त्याला चालत नाही.

स्टेथो
महत्त्वाचा मुद्दा. घाण्याच्या तेलात प्रथिनांचा अंश राहू शकतो. आधी विचारून घ्या.

गोदाकाठची
विचारते. सॅलडात सूर्यफुलाचं तेल वापरीन, शेंगदाणा फक्त घोळाण्यात. पातेलं वेगळं, वाढायचा चमचाही वेगळा.

खानदेशी_ठेचा
चमच्याचं राहू द्या ताई, मिरच्या किती घालताय ते आधी सांगा.

गोदाकाठची
दोन.

खानदेशी_ठेचा
पंचवीस माणसांत?